दोन नावांची आगबोट

५ एप्रिल १९१९ रोजी सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची ‘लॉयल्टी’ ही आगबोट मुंबईहून लंडनकडे निघाली. १९६४ पासून हा दिवस राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. त्या दिवशीच्या लेखांत आणि भाषणांत बोटीचे नाव एकदा येते आणि बोलणारे लगेच कंपनीचे एक संस्थापक वालचंद हिराचंद यांच्याकडे वळतात. ते योग्यच आहे. पण त्या नावापाशी थोडे थांबले पाहिजे, असे मला फार दिवसांपासून वाटते. कारण ते नाव त्या बोटीचे मूळ नाव नव्हते. मुंबई सोडली तेव्हा बोट अठ्ठावीस वर्षांची होती आणि त्यांतली जवळजवळ चोवीस वर्षे तिने ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ या नावाने काढली होती.

हे जुने नाव आपल्या वाचकांना एका वेगळ्या गोष्टीतून ठाऊक असते. स्वामी विवेकानंद ३१ मे १८९३ ला मुंबईहून ‘पेनिन्शुलर’ बोटीने निघाले, चीन-जपान पाहत योकोहामाला पोहोचले आणि तिथून जुलैत दुसऱ्या बोटीने पॅसिफिक ओलांडून २५ जुलैला व्हँकूव्हरला उतरले. ती दुसरी बोट म्हणजे ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’. जमशेटजी टाटा त्याच सफरीत होते. पाच वर्षांनी, २३ नोव्हेंबर १८९८ ला, टाटांनी विवेकानंदांना पत्र लिहिले. विज्ञानसंशोधनाच्या संस्थेसाठी त्यांचे साह्य हवे होते. त्या पत्राची सुरुवातच त्यांनी जपानपासूनच्या सहप्रवासाची आठवण देऊन केली आहे.

म्हणजे ज्या बोटीवर पुढच्या विज्ञान संस्थेविषयी बोलू शकणारे दोघेजण एकत्र होते, तीच बोट पंचवीस-सव्वीस वर्षांनी स्वदेशी जहाजधंद्याची पहिली मोठी सफर करायला मुंबईतून निघाली. विवेकानंदांचे चरित्र वाचणाऱ्याला एक नाव माहीत असते, वालचंदांचे वाचणाऱ्याला दुसरे. एका जागी ती क्वचितच येतात. मधला धागा नाव बदलले तिथे तुटला आहे, आणि तो जोडण्याचे एकच भरवशाचे साधन आहे: जहाजांच्या नोंदणीचे कागद.

ब्रिटिश अमलात व्यापारी जहाजाची ओळख त्याच्या नावावर अवलंबून नसे. १८५४ च्या मर्चंट शिपिंग कायद्याखाली प्रत्येक नोंदलेल्या जहाजाला एक अधिकृत क्रमांक मिळू लागला. मालक बदलला, बंदर बदलले, नाव बदलले तरी क्रमांक तोच. १८९४ च्या एकत्रित कायद्याने हा क्रमांक आणि नोंदलेले टनेज जहाजाच्या मुख्य तुळईवर कोरून ठेवणे बंधनकारक केले. कोरून, रंगवून नव्हे. नाव मात्र रंगाने लिहायचे: नाळेच्या दोन्ही अंगांना नाव आणि पिछाडीला नाव व नोंदणीचे बंदर. अक्षरांची उंची चार इंचांहून कमी चालत नसे. गडद रंगावर पांढरी किंवा पिवळी अक्षरे, फिक्या रंगावर काळी. अक्षरांची रुंदी उंचीच्या प्रमाणात हवी, हेसुद्धा कायद्यात लिहून ठेवले आहे. बंदरात उभ्या असलेल्या अधिकाऱ्याला दुरून वाचता आले पाहिजे आणि हातातल्या प्रमाणपत्राशी ताडून पाहता आले पाहिजे, हा त्यामागचा हेतू.

नाव बदलण्याविषयी तर हा कायदा फारच सावध होता. त्याची मुळे जुनी आहेत. १७८६ च्या नोंदणी कायद्याने पिछाडीवर नाव रंगवायला लावले आणि एकदा नोंदलेले नाव बदलायला मनाई केली. जवळजवळ पंच्याऐंशी वर्षे असेच चालले. १८७१ च्या कायद्याने पहिल्यांदा बदलाला रीतसर वाट करून दिली आणि १८९४ च्या कायद्याच्या ४७ व्या कलमात तीच वाट कायम झाली. कलम वाचले की एका अर्जाचा सबंध प्रवास डोळ्यांपुढे येतो. नोंदलेल्या नावाखेरीज दुसऱ्या कुठल्याही नावाने जहाजाचा उल्लेख करायचा नाही. बदल हवा असेल तर आधी बोर्ड ऑफ ट्रेडची परवानगी. अर्ज लेखी. अर्ज रास्त वाटला तरच बोर्ड तो विचारात घेणार आणि बोर्ड सांगेल त्या नमुन्यात जाहीर सूचना छापून आणावी लागणार. परवानगी मिळाली की नाव लगोलग चार ठिकाणी बदलायचे: रजिस्टरात, नोंदणीच्या प्रमाणपत्रावर, नाळेवर आणि पिछाडीवर. परवानगीवाचून नाव बदलल्याचे सिद्ध झाले तर बोर्ड जुने नाव परत लावायला लावी. दंड शंभर पौंडांपर्यंत, आणि पूर्तता होईपर्यंत जहाज अडकवून ठेवण्याची मुभा.

इतका कडकपणा का, याचे उत्तर त्याच रजिस्टरात आहे. जहाजाची मालकी चौसष्ट हिश्शांत मांडलेली असे आणि कोणाचे किती हिस्से, कोणाकडे ते गहाण, हे सारे त्या नोंदीत असे. नाव गुपचूप बदलता आले असते तर सावकाराचे गहाण, विमेदाराची जोखीम आणि बुडालेल्या मालाचा दावा, सगळेच अधांतरी लटकले असते. जाहीर सूचनेची अट त्यांच्यासाठी होती. कोणाचे काही येणे असेल त्याने वेळेत पुढे यावे.

शिवाय १९०६ च्या सुधारणेने आणखी एक नियम आणला. एखाद्या नोंदलेल्या ब्रिटिश जहाजाचे नाव दुसऱ्या जहाजाला देणे किंवा फसगत होईल इतके सारखे नाव देणे बोर्ड नाकारू शकत होते. या नियमाचे महत्त्व पुढे दिसेल.

आता बोटीकडे येऊ. इंग्लंडच्या वायव्य किनाऱ्यावर बॅरो-इन-फर्नेस इथल्या नेव्हल कन्स्ट्रक्शन अँड आर्मामेंट्स कंपनीच्या गोदीत ती बांधली गेली आणि ऑगस्ट १८९० मध्ये पाण्यात उतरली. कॅनेडियन पॅसिफिक रेल्वेने एकाच नमुन्याच्या तीन बोटी मागवल्या होत्या: ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’, ‘एम्प्रेस ऑफ जपान’ आणि ‘एम्प्रेस ऑफ चायना’. ही त्यांतली थोरली. सुमारे ५,९०० टन, लांबी साडेचारशे फुटांहून थोडी अधिक, रुंदी ५१ फूट, दोन पंखे, वेग ताशी १६ सागरी मैल. पांढरे अंग, तीन डोलकाठ्या, दोन पिवळट धुराडी आणि शिडाच्या जहाजासारखी पुढे झेपावलेली नाळ. त्या काळच्या छायाचित्रांत ती ओळखायला अडचण पडत नाही. टनेजचा आकडा मात्र निरनिराळ्या ठिकाणी थोडा निरनिराळा छापलेला आढळतो आणि म्हणून मी तो मोघम ठेवला आहे. असल्या फरकाने बोट बदलत नाही. क्रमांक जुळला की पुरे.

रेल्वे कंपनीला बोटी कशाला हव्या होत्या, तर आगगाडी व्हँकूव्हरपर्यंत पोहोचली होती आणि पुढचा हाँगकाँगपर्यंतचा टप्पा आपलाच असावा अशी तिची इच्छा होती. टपालासाठी सरकारचे अनुदानही मिळणार होते. त्याच्या बदल्यात, युद्ध आले तर तोफा चढवता येतील अशी बांधणी करण्याची अट होती. १८९१ च्या फेब्रुवारीत ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ लिव्हरपूलहून निघाली आणि सुवेझ, हाँगकाँग, जपान असे करत २८ एप्रिलला व्हँकूव्हरला पोहोचली. पुढली दोन दशके तिची ये-जा पॅसिफिकवरच राहिली. हिंदुस्थानचे नाव घेऊन फिरणारी ही बोट हिंदुस्थानच्या बंदरांसाठी बांधलेलीच नव्हती.

इथे एका फसव्या जागेचा उल्लेख करायला हवा. १८९१ साली याच नावाची आणखी एक नौका पाण्यात उतरली, ती ब्रिटिश आरमाराची युद्धनौका. आरमाराची जहाजे व्यापारी रजिस्टरात नसतात, त्यामुळे दोन ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ एकाच काळात समुद्रावर असायला कायद्याची आडकाठी नव्हती. ती युद्धनौका १९१३ साली तोफांच्या सरावासाठी लक्ष्य म्हणून वापरून बुडवली गेली. केवळ नावावरून वर्तमानपत्रे चाळणारा माणूस आपली बोट १९१३ तच तळाला गेली असे समजून शोध थांबवील. इतिहास लिहिताना अशा ठिकाणी घाई केली की चूक पुढच्या दहा पुस्तकांत उतरते.

१९१२-१३ च्या सुमारास ‘एम्प्रेस ऑफ रशिया’ आणि ‘एम्प्रेस ऑफ एशिया’ या कितीतरी मोठ्या बोटी आल्या. ‘एम्प्रेस ऑफ चायना’ १९११ सालीच जपानच्या किनाऱ्याजवळ खडकावर चढून निकालात निघाली होती. थोरली बहीण आता कंपनीला नको होती. १९१४ च्या ऑगस्टात महायुद्ध पेटले आणि वर्ष संपता संपता ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांनी ती विकत घेतली. हिंदी सैनिकांसाठी इस्पितळाचे जहाज म्हणून तिचा उपयोग करायचा होता आणि इतर संस्थानिकांनीही त्यात हात दिला. शिंद्यांना ही कल्पना नवी नव्हती. १९०० साली चीनमधल्या मोहिमेसाठी त्यांनी असेच एक इस्पितळाचे जहाज दिले होते आणि त्याचे नाव ‘ग्वाल्हेर’ होते.

जानेवारी १९१५ मध्ये ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’चे नाव ‘लॉयल्टी’ झाले.

हा बदल कोणाच्या मनात कसा आला याचा विचार दोन बाजूंनी करावा लागतो. एक बाजू विकणाऱ्याची. ‘एम्प्रेस’ हे नाव कॅनेडियन पॅसिफिकने कमावलेले होते. तिकीट काढणाऱ्याला ते नाव म्हणजे त्या कंपनीची बोट हे ठाऊक होते. जहाज विकताना नाव स्वतःकडे ठेवण्याची रीत जहाजधंद्यात सर्रास आहे. या कंपनीला ते नाव पुन्हा हवे होते हेही पुढच्या घटनांतून कळते, कारण १९२१ साली तिने जर्मनांकडून आलेल्या ‘प्रिन्झ फ्रीडरिश विल्हेल्म’ या बोटीला आधी ‘एम्प्रेस ऑफ चायना’ आणि थोड्याच महिन्यांत ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ असे नाव दिले. जुन्या बोटीने ते नाव टाकले नसते तर १९०६ च्या नियमाप्रमाणे ते मिळणे कठीण होते, कारण जुनी बोट तेव्हा हयात होती.

दुसरी बाजू घेणाऱ्याची. १९१५ साली संस्थानिकाने सरकारला दिलेल्या जहाजाचे नाव ‘लॉयल्टी’ असणे, म्हणजे राजनिष्ठेची ग्वाही समुद्रावर मिरवणे होते. पंधरा वर्षांपूर्वी त्याच घराण्याने आपल्या राज्याचे नाव जहाजाला दिले होते. या खेपेला पैसा अनेक दरबारांचा होता, म्हणून कुठल्या एका राज्याचे नाव शोभले नसते. सर्वांना चालेल आणि लंडनला आवडेल असे नाव निवडले गेले. मला ही दुसरी बाजू जास्त वजनाची वाटते. पहिल्या बाजूमुळे जुने नाव गेले एवढेच कळते. नवे नाव हेच का, हे दुसरीतून कळते.

इस्पितळाच्या जहाजाच्या बाबतीत नावाला आणखी एक अर्थ होता. १९०७ च्या हेग कराराप्रमाणे अशा जहाजांची नावे, ती कामाला लावण्याआधी, लढणाऱ्या सर्व पक्षांना कळवावी लागत. जहाज पांढरे रंगवायचे. लष्करी इस्पितळाचे असेल तर अंगावर सुमारे दीड मीटर रुंदीचा हिरवा आडवा पट्टा, खासगी व्यक्तींनी किंवा मदतसंस्थांनी सजवलेले असेल तर लाल. शत्रूच्या पाणबुडीने तुम्हांला सोडून द्यावे ते या रंगांवरून आणि कळवलेल्या नावावरून. म्हणून अशा जहाजाच्या पिछाडीवरचे नाव आणि शत्रूपक्षाच्या हाती असलेल्या यादीतले नाव यांत तफावत असून चालत नसे. व्यापारी बोटीच्या चुकीच्या नावाला दंड होता, इस्पितळाच्या जहाजावर ती चूक जखमींच्या जिवावर बेतू शकली असती. ‘लॉयल्टी’ या नावाने ही बोट युद्ध संपेपर्यंत राहिली. पांढरे अंग तिला बॅरोपासूनच होते. त्यावर आता पट्टा आणि लाल क्रूस चढले.

नोव्हेंबर १९१८ मध्ये युद्धबंदी झाली. इस्पितळाचे जहाज महाराजांना नको झाले आणि इकडे मुंबईत ते विकत घ्यायला उत्सुक माणसे होती.

वालचंद हिराचंद दोशी मूळचे सोलापूरचे. लक्ष्मण बळवंत फाटक यांच्या भागीदारीत त्यांनी रेल्वेची कंत्राटे घेतली होती. जहाजांचा धंदा त्यांच्या हातचा नव्हता. नरोत्तम मोरारजी, किलाचंद देवचंद आणि लल्लूभाई सामळदास हे तिघे त्यांच्या बरोबर उभे राहिले. कंपनी २७ मार्च १९१९ रोजी स्थापन झाली. ज्या महाराजांकडून बोट घेतली त्यांचेच नाव, इंग्रजी वळणाने ‘सिंदिया’ असे, कंपनीला मिळाले.

२७ मार्च गुरुवार होता. बोट सुटली ५ एप्रिलला, शनिवारी. मधले दिवस नऊ.

या नऊ दिवसांकडे मला वाचकांचे लक्ष वेधायचे आहे, कारण ‘स्वदेशी कंपनीने आपल्या पहिल्या बोटीला लॉयल्टी हे नाव कसे काय दिले?’ हा प्रश्न वारंवार विचारला जातो. कोणी त्यात मवाळांचे सावध राजकारण पाहतो, कोणी हा उल्लेखच टाळतो. कागद निराळेच सांगतात. कंपनीने ते नाव दिलेच नाही. ते चार वर्षांपूर्वी दिलेले होते आणि रजिस्टरात होते. कायद्याने ब्रिटिश जहाजाची मालक व्हायला कंपनी रीतसर अस्तित्वात असावी लागे. म्हणजे २७ मार्चच्या आधी सिंदिया कंपनी नोंदलेली मालक होऊच शकत नव्हती, मग बोलणी आणि व्यवहार कितीही आधी ठरलेले असोत. मालक झाल्यावर नाव बदलायचे म्हटले असते तर ४७ व्या कलमाच्या सगळ्या पायऱ्या चढाव्या लागल्या असत्या: लेखी अर्ज, बोर्डाचे समाधान, जाहीर सूचना, परवानगी, रजिस्टरातली दुरुस्ती, नवे प्रमाणपत्र, आणि मग रंगाऱ्याला नाळेवर पाठवणे. कोळसा भरायचा, खलाशी घ्यायचे, उतारू चढवायचे आणि विमा उतरवायचा, हे सारे चालू असताना नऊ दिवसांत नाव बदलणे होण्यासारखे नव्हते. लंडनला पोहोचल्यावर तिथल्या दलालांना आणि विमेदारांना ओळखीचे नाव असणेही सोयीचेच होते. त्या शनिवारी निघायचे तर आहे त्या नावाने निघायचे, एवढाच मार्ग उरला होता.

ही माझी जुळणी तारखा आणि कायदा यांच्यावर उभी आहे आणि मला ती पक्की वाटते.

त्या आठवड्याची मुंबई कशी होती हेही आठवले पाहिजे. रौलेट कायदा मार्चमध्ये संमत झाला होता. बोट निघाली त्याच्या दुसऱ्या दिवशी, रविवारी ६ एप्रिलला, देशभर हरताळ होता. गांधीजी त्या सकाळी चौपाटीवर होते, आणि संध्याकाळी शहरात बंदी घातलेली पुस्तके उघडपणे विकली गेली. सोमवारी ७ तारखेला त्यांनी ‘सत्याग्रही’ नावाचे पत्रक काढले, मुद्दाम नोंदणी न करता, कारण नोंदणीचा कायदा मोडणे हाच त्या पत्रकाचा उद्देश होता. १३ एप्रिलला अमृतसरला जालियनवाला बाग घडली. तेव्हा ‘लॉयल्टी’ वाटेत होती.

एकाच शहरात, तीन दिवसांच्या आत, एका बाजूला नोंदणी नाकारून केलेला सत्याग्रह आहे आणि दुसऱ्या बाजूला नोंदणीची प्रत्येक ओळ पाळून केलेले साहस. दोन्हींमागे इंग्रजांची मक्तेदारी नको ही भावना होती, पण जहाजधंद्यात पाऊल टाकणाऱ्याला कागद मोडून चालण्यासारखे नव्हते. पी अँड ओ आणि ब्रिटिश इंडिया या लॉर्ड इंचकेप यांच्या कंपन्यांनी हिंदुस्थानच्या किनाऱ्यावर आणि परदेशी मार्गांवर पकड बसवली होती. नव्या कंपनीच्या कागदांत एक उणीव सापडली असती तरी बोट बंदरात अडकली असती. शंभर पौंडांचा दंड भरता आला असता. अडकलेली बोट परवडली नसती.

याआधीचे उदाहरण लोकांच्या नजरेसमोर होते. ‘लॉयल्टी’ला अनेकदा पहिली हिंदी आगबोट म्हटले जाते, ते जपून म्हणायला हवे. १९०६ साली तुतिकोरीनला व्ही. ओ. चिदंबरम पिळ्ळै यांनी स्वदेशी स्टीम नॅव्हिगेशन कंपनी काढली आणि ‘गॅलिया’ व ‘लावो’ या दोन बोटी आणून कोलंबोच्या मार्गावर सोडल्या. त्या बोटीही परदेशातून विकत घेतलेल्या आणि जुन्याच नावांनी चालवलेल्या होत्या. ब्रिटिश इंडिया कंपनीने भाडी पाडली, १९०८ च्या मार्चमध्ये पिळ्ळै यांना अटक झाली आणि ती कंपनी पुढे टिकली नाही. तेव्हा ‘लॉयल्टी’चा मान कुठे आहे हे नेमके सांगायचे तर तो मुंबई ते लंडन या लांबच्या मार्गावर हिंदी मालकीची मोठी आगबोट पाठवण्याचा आहे. तुतिकोरीनचा मान त्याने कमी होत नाही आणि मुंबईचाही. तुतिकोरीनच्या माणसाने तर त्यासाठी तुरुंगात कोलू ओढला. त्याचे नाव या गोष्टीतून गळता कामा नये.

लंडनला पोहोचल्यावर खरे अंकगणित पुढे आले. बोट १८९० च्या बांधणीची. इंजिने कोळसा खाणारी, आणि इस्पितळासाठी आतून बदललेली रचना पुन्हा उतारूंसाठी किंवा मालासाठी करायची तर खर्च मोठा. कंपनीला धंदा करायचा होता तो मालवाहतुकीचा. त्यासाठी वेगळ्या बोटी घेण्यात आल्या, आणि ‘लॉयल्टी’ पुढे फार दिवस चालली नाही. १९२१ पासून ती मुंबईत नुसती उभी होती.

नव्या घेतलेल्या बोटींच्या नावांकडे पाहिले की कंपनीची स्वतःची निवड काय होती ते कळते. सिंदियाच्या बोटी पुढे ‘जल’ने सुरू होणाऱ्या नावांनी ओळखल्या गेल्या. ‘जलदूत’ हे त्यांतले एक नाव. ही रीत कंपनीने दशकानुदशके सोडली नाही. १४ मार्च १९४८ रोजी विशाखापट्टणमच्या गोदीत पंडित नेहरूंच्या हस्ते पाण्यात सोडलेल्या बोटीचे नाव ‘जलउषा’ होते. दुसऱ्यांकडून घेतलेल्या बोटीचे नाव बदलायला लागणारा वेळ आणि कागद हाताशी आले तेव्हा कंपनीने ते बदलले. नऊ दिवसांच्या तगाद्यात निघालेल्या पहिल्या बोटीलाच तेवढी ती सवड मिळाली नाही. ‘लॉयल्टी’ नावाचा अर्थ लावताना ही पुढची नावे शेजारी ठेवून पाहावीत. माझ्या मते तोच या प्रश्नाचा सर्वांत सरळ पुरावा आहे.

पुढे जो कोणी या बोटीचा पुरा इतिहास लिहील त्याला एक सूचना करावीशी वाटते. नावाच्या मागे न लागता क्रमांकाच्या मागे लागावे. लॉइड्स रजिस्टरच्या वार्षिक खंडांत जहाजाच्या चालू नावाखाली आधीचे नाव छापलेले असते, आणि नाव बदललेल्या जहाजांची वेगळी यादीही असते. मर्कंटाइल नेव्ही लिस्टमध्ये अधिकृत क्रमांकावरून शोध घेता येतो. बंद झालेल्या नोंदींची बाडे लंडनमधल्या क्यू इथल्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये आहेत. वर्तमानपत्रे आणि चरित्रे त्यानंतर वाचावीत. चरित्रकार बोटीला जे नाव लोकांच्या तोंडी होते तेच लिहितो, आणि त्यात त्याचा दोष नाही. पण तारखेप्रमाणे नाव बरोबर आहे का हे तपासायला रजिस्टरच लागते. १९१५ नंतरच्या प्रसंगात ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ किंवा १८९३ च्या प्रसंगात ‘लॉयल्टी’ असे कुठे आढळले, तर ते लिहिणाऱ्याने नंतरच्या माहितीवरून लिहिले आहे असे समजून पुढे जावे.

१९२३ च्या फेब्रुवारीत ‘लॉयल्टी’ मुंबईत भंगारासाठी विकली गेली. जहाज मोडीत निघाले की मालकाने रजिस्ट्रारला कळवायचे, प्रमाणपत्र परत करायचे आणि रजिस्ट्रारने नोंद बंद करायची, असा १८९४ च्या कायद्याचा नियम होता. बंद नोंदीत जिवंत राहायचे ते फक्त न फिटलेले गहाण. नाव मोकळे होई आणि दुसरा कोणीही ते मागू शके. ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ हे तिचे जुने नावही तोवर पुन्हा मोकळे झाले होते, कारण कॅनेडियन पॅसिफिकने १९२२ सालीच आपल्या दुसऱ्या ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’चे नाव बदलून ‘माँटलॉरियर’ केले होते.